दुपारपुरती बंद गल्ली

१

घड्याळवाल्यांच्या बायकोला न्यायला भर दुपारी रुग्णवाहिका आली खरी, पण ती येऊन थांबली कालव्याच्या पलीकडच्या काठावर. तिथून त्यांच्या घराचं छप्पर दिसत होतं, स्वयंपाकघराची खिडकी दिसत होती, खिडकीतून दोन्ही हात हलवणारे घड्याळवालेही दिसत होते. मधे फक्त पाणी होतं. चालक आणि त्याचा जोडीदार स्ट्रेचर उचलून पादचारी पुलाकडे धावले, पूल ओलांडून काठाकाठानं उलटे आले आणि घरात पोचले, तोवर बाईंचा श्वास थांबला होता. डॉक्टर नंतर म्हणाले, "जरा आधी आणलं असतं तर..." त्यांनी वाक्य अर्धवट सोडलं. घड्याळवाले तेव्हापासून ते रोज मनातल्या मनात पुरं करत होते.

जीवाला लागावी अशी गोष्ट पुढेच आहे. त्यांच्या गल्लीचं दुसरं तोंड मोठ्या रस्त्यावर सताड उघडं होतं. खोदकाम नव्हतं, झाड पडलेलं नव्हतं, कुणाची गाडी आडवी नव्हती. रुग्णवाहिका सरळ आत शिरून दारात उभी राहिली असती. पण गाडीतल्या नकाशानं सांगितलं, ही गल्ली बंद आहे.

पालिकेनं कागदी नकाशे कपाटात कोंबून संगणकाचा नकाशा आणला, त्याला आता वर्ष होत आलं होतं. रस्ते, गटारं, नळ, दिवे, कचऱ्याचे ट्रक असं सगळं त्या एका नकाशावर. 'एक शहर, एक नकाशा' असा फलक जिन्यात लागला होता आणि त्या फलकाखालून जाताना अर्धे लोक मान खाली घालत, कारण त्यांना अजून तो नकाशा उघडता येत नव्हता. रुग्णवाहिका त्याच्याशी जोडल्या गेल्या त्या अगदी हल्ली.

चौकशी ज्या बाईंकडे आली त्यांना सगळे चौकशीबाई म्हणत. उभी नोकरी दुसऱ्यांच्या चुका शोधण्यात गेलेली. त्या जिन्यात दिसल्या तरी ऑफिसातले लोक वाट बदलत, आणि याचं त्यांना वाईटही वाटे, थोडी मजाही वाटे.

"फार घोळ घालायचं कारण नाही," नकाशा-प्रकल्पाचे साहेब त्यांना म्हणाले. "बदल नकाशा-खोलीतल्या मुलीच्या नावानं झालाय. संगणकच सांगतोय. ती अजून कायम झालेली नाही, तेव्हा काढायलाही अडचण नाही. शुक्रवारपर्यंत तुमची सही द्या."

"सगळं ठरलंय तर चौकशी कशाला?"

"नियम आहे म्हणून."

बाहेर बाकावर घड्याळवाले बसले होते. इस्त्री केलेला शर्ट, गळ्यापर्यंत लावलेली बटणं, आणि दाढी मात्र आठवड्याची वाढलेली. चौकशीबाई दिसताच ते उठून उभे राहिले.

"बाई, मला नुकसानभरपाई वगैरे काही नको. मला एकच सांगा. गल्ली बंद कुणी केली? एक नाव द्या. मी कुणाच्या अंगावर जाणार नाही. फक्त समोर बसून विचारीन, का केलीत?"

"नाव देईन," चौकशीबाई म्हणाल्या. असा शब्द द्यायचा नसतो हे त्यांना चांगलं माहीत होतं. पण त्या माणसाचे हात थरथरत होते, आणि ज्या हातांनी जन्मभर घड्याळांचे केसासारखे स्क्रू फिरवले ते हात थरथरताना बघवत नव्हते.

२

नकाशा-खोली म्हणजे पूर्वीची सामानाची खोली. एक खिडकी, तीही कपाटानं अर्धी झाकलेली. मुलगी पडद्यासमोर ताठ बसली होती. रडून झालेलं दिसत होतं.

"तू केलंस?" चौकशीबाईंनी बसता बसता विचारलं.

"नाही मॅडम."

"मग तुझं नाव कसं?"

"नकाशात बदल करायचा तर नाव आणि पासवर्ड लागतो. तो इथे माझ्या एकटीकडेच आहे. आणखी मागितले होते, साहेब म्हणाले पुढच्या वर्षी बघू." तिनं पडद्याच्या कडेकडे बोट केलं. तिथे पिवळ्या चिठ्ठीवर पासवर्ड लिहून चिकटवलेला होता. "नळवाले येतात, दिवेवाले येतात, ज्याला त्याला घाई. दरवेळी मीच बसून बदल करायचे तर मला जेवायलाही उठता येणार नाही. म्हणून लावून ठेवलाय."

"म्हणजे कुलूपही दाराला आणि किल्लीही दाराला."

मुलीनं चिठ्ठीची सुटलेली कड अंगठ्यानं दाबली.

"ती गल्ली दाखव मला. त्या दिवशी कशी दिसत होती तशी."

मुलीनं नकाशा मागच्या तारखेला नेला. शहरभर काळ्या रेघांचं जाळं पसरलं आणि कालव्यालगत एक बारीकशी रेघ लालभडक उमटली.

"बंद रस्ता असा लाल होतो?"

"हो. पण इथेच, या खोलीत. बदल करायच्या पडद्यावर."

चौकशीबाई चष्मा सरसावून पुढे वाकल्या. साहेब म्हणाले होते, मुलीचा हात चुकून लागला असणार. "हात चुकून लागला तर रस्ता असा बंद होतो का गं?"

"नाही मॅडम. कधीपासून कधीपर्यंत ते भरावं लागतं. नाहीतर तो बदल घेतच नाही."

"मग इथे काय भरलंय?"

मुलीनं त्या रेघेवर क्लिक केलं. "रोज. फक्त दुपार. जेवणानंतरपासून चहाच्या वेळेपर्यंत."

चौकशीबाई मागे टेकल्या. चुकून लागलेला हात दुपार निवडत नाही. कुणीतरी समजून उमजून ही गल्ली रोज दुपारपुरती मिटवली होती आणि सकाळ-संध्याकाळ उघडी ठेवली होती. वैर धरणारा माणूसही असा तोलूनमापून वागत नाही.

उठताना त्यांची नजर दुसऱ्या टेबलाकडे गेली. तिथे आणखी एक संगणक होता, खुर्चीवर उशी होती. कीबोर्डवरच्या प्रत्येक कळीवर कागदाचा तुकडा चिकटवून हातानं ठळक, मोठं अक्षर काढलेलं होतं.

"इथे कोण बसतं?"

"कुणी नाही," मुलगी पटकन म्हणाली. जरा जास्तच पटकन.

"पोरी, शुक्रवारी तुझी नोकरी जाणार आहे. कळतंय ना?"

"कळतंय."

"आणि तुला ठाऊक आहे, कुणी केलं ते."

मुलीनं मान खाली घातली. डोळ्यांतलं पाणी तिनं पुसलंही नाही. "माझंच नाव लिहा ना मॅडम," ती म्हणाली. "त्यातल्या त्यात तेच बरं."

३

रुग्णवाहिकेचा चालक आवारात गाडी धूत होता. गाडी स्वच्छच होती. त्या दिवसापासून तो ती रोज धुतो, असं जोडीदारानं आधीच सांगितलं होतं.

"मला ती गल्ली पाठ आहे, मॅडम," तो म्हणाला. "तुम्ही हेच विचारणार ना, की माहीत असून आत का शिरला नाहीस?"

"हो, हेच विचारणार."

"कारण मागे एकदा शिरलो होतो. दुसऱ्या रस्त्याला. नकाशा नको म्हणत होता आणि मी म्हटलं, यंत्राला काय कळतंय, जन्म गेला आमचा इथे. आत गेलो तर समोर रस्ता खणलेला. गाडीत बाळंतपणाची बाई होती. मागे घेताना अशी काही अडकलो..." त्यानं पाण्याचा नळ बंद केला. "ती वाचली. पण कानाला खडा लावला मी. तेव्हापासून पडदा म्हणेल तसं."

त्यानं गाडीतला पडदा लावून दाखवला. "ही बघा, बाजाराच्या मागची वाट आज बंद आहे. दिसते का कुठे?"

चौकशीबाईंनी पाहिलं. वाट नव्हतीच. लाल नाही, खूण नाही, नुसती कोरी जागा.

"गाड्यांतल्या पडद्यांवर बंद रस्ता असा पुसूनच जातो. ट्रकात, आमच्यात, सगळीकडे. म्हणजे आम्हाला मोह नको व्हायला. आणि त्या दिवशी मला खरंही वाटलं, कारण मोठ्या रस्त्यानं पुढे जाताना दिसलं, गल्लीच्या तोंडाशी कचऱ्याचे मोठे डबे रांगेनं उभे होते. म्हटलं, आत ट्रक जात नसणार, म्हणजे काम चालू असणार." त्यानं पडदा बंद केला. "खाली उतरून डोकावलो असतो तर कळलं असतं. तेवढंच लिहा माझ्याबद्दल."

डब्यांचा धागा धरून चौकशीबाई कचरा-ट्रकांच्या डेपोत गेल्या. तिथले मुकादम म्हणजे नव्या नकाशाचे जाहीर शत्रू. पहिल्याच बैठकीत त्यांनी साहेबांना सगळ्यांदेखत सांगितलं होतं, हे यंत्र माझ्या एका माणसाइतकंही शहर चाललेलं नाही. साहेबांचं नाक तेव्हापासून जे लाल झालं होतं ते अजून उतरलं नव्हतं.

मुकादम टिनाच्या शेडखाली स्टुलावर बसले होते. थोराड अंग, पिकलेल्या मिशा, गळ्यात दोरीला अडकवलेला जाड भिंगांचा चष्मा.

"त्या गल्लीत ट्रक जात नाही का दुपारी?"

"पडदा नेईल तिकडे ट्रक जातो. आमचं कोण ऐकतं हल्ली?"

"मग डबे तोंडाशी कसे?"

"नेला नसेल आत पडद्यानं. माझी माणसं डबे ढकलत बाहेर आणतात. त्यात काय एवढं?"

"गल्ली बंद आहे हे तुम्हाला कधी कळलं?"

"बाई, ती बाई गेल्यावर सगळ्या गावाला कळलं. त्याआधी त्या गल्लीवर लाल रेघ आहे की निळी, मला काय ठाऊक? मला ते यंत्र चालू कुठून करतात तेही ठाऊक नाही. विचारा कुणालाही."

चौकशीबाईंनी विचारलं. ज्याला विचारावं तो हसत होता. मुकादम आणि संगणक? छे. मुकादमांचा तो पक्का पुरावाच होता.

निघताना त्यांनी वळून पाहिलं. मुकादम दोन्ही तळव्यांनी चेहरा झाकून बसले होते.

४

चौकशीबाईंचा नवरा पावाच्या भट्टीत रात्रपाळीला होता. दुपारी तो झोपे. लग्न झाल्यापासून त्यांच्या घरात दुपार ही जपायची वस्तू होती. सुट्टीच्या दिवशी त्या चवड्यांवर चालत, दाराच्या घंटीत कागदाची घडी खोचत, कुकरची शिट्टी होण्याआधी गॅस बारीक करत. हे त्यांच्या इतकं अंगवळणी पडलं होतं की आपण काही करतो आहोत असंही त्यांना वाटत नसे.

म्हणून घड्याळवाल्यांच्या दाराशी घंटीचं बटण दाबल्यावर नुसता दबका 'टुक्' झाला, तेव्हा त्यांना आतली कागदाची घडी न बघताच दिसली.

"या, बसा," घड्याळवाले म्हणाले.

खुर्ची ओढली, आवाज झाला नाही. खुर्चीच्या पायांना जुने लोकरी मोजे चढवलेले होते. दाराच्या बिजागऱ्या तेलानं चकाकत होत्या. आणि चारही भिंतींवर घड्याळं होती, लंबकाची, गोल, चौकोनी, एक कोकीळवालं. सगळी बंद.

माणूस गेलं की कुणी कुणी दुःखानं घड्याळ थांबवतात. चौकशीबाईंना आधी तसंच वाटलं. मग त्यांनी नीट पाहिलं. एकाही घड्याळाची वेळ दुसऱ्याशी जुळत नव्हती. दुःखानं थांबवलेली असती तर सगळ्यांवर एकच वेळ असती. ही थांबवलेली नव्हती, चावी न दिल्यानं एकेक करून आपली आपण थांबली होती. काट्यांवर धूळही जुनी होती.

"टिकटिक सहन व्हायची नाही का त्यांना?"

घड्याळवाल्यांनी चमकून पाहिलं. इतक्या दिवसांत हे कुणी विचारलं नव्हतं. "डोक्याची शस्त्रक्रिया झाली ना, त्यानंतर. आवाज झाला की आतून कुणीतरी खिळा ठोकतंय असं म्हणायची. भांडं पडलं तरी तासभर उशीत डोकं घालून पडून राहायची. मी दुकान लांब नेलं. घड्याळांना चावी देणं सोडलं. मी म्हटलं, आपल्याला वेळ बघून कुठे जायचंय?" ते हसायला गेले आणि त्यांना जमलं नाही. "रात्री झोप नाहीच. दुपारी जरा डोळा लागायचा, तेवढाच."

तेवढ्यात खिडकीच्या काचा थरथरल्या. कपाटातले कप एकमेकांवर वाजले. बाहेर कचऱ्याचा ट्रक आला होता. त्यानं डबा उचलला, आपटला, मग आतला कचरा दाबणारा लोखंडी पत्रा कर्रकर्र करत फिरला. बोलणं अशक्यच होतं. घड्याळवाले डोळे मिटून बसले.

ट्रक गेल्यावर ते म्हणाले, "हाच. यानं तर ती किंचाळायची. मधले काही महिने येत नव्हता. सांगून पाहिलं होतं मी, ऐकलं असावं कुणीतरी. काय चांगले दिवस होते ते बाई. दुपारभर झोपायची. उठली की चेहरा कसा धुतल्यासारखा. एकदा तर म्हणाली, ते कोकिळेचं घड्याळ लावून बघूया का. लावलं नाही मी, म्हटलं अजून थोडी बरी होऊ दे." त्यांनी खिडकीकडे पाहिलं. "आता परत यायला लागलाय ट्रक."

"कधीपासून?"

"ती गेली त्याच्या दुसऱ्या दिवसापासून."

चौकशीबाईंच्या हातातला पाण्याचा पेला तसाच राहिला. बाई गेल्या त्याच संध्याकाळी पालिकेनं नकाशावर गल्ली पुन्हा उघडी केली होती.

म्हणजे ही गल्ली कुणी वैरानं बंद केली नव्हती. या घरातली बाई झोपावी म्हणून कुणीतरी ती दुपारपुरती मिटवली होती. आणि ट्रक थांबवा असं ज्यानं विनवलं होतं, तो माणूस समोर बसून नाव मागत होता.

५

डेपोच्या शेडखाली मुकादम होते तिथेच होते. चौकशीबाईंनी दुसरं स्टूल ओढून घेतलं.

"मुकादम, लाल रेघ कुठे पाहिलीत?"

"म्हणजे?"

"तुमच्या ट्रकात बंद रस्ता पुसून जातो. रुग्णवाहिकेत पुसून जातो. लाल दिसतो तो शहरात एकाच खोलीत. त्या खोलीत एक उशीची खुर्ची आहे, आणि कमी दिसणाऱ्या माणसासाठी मोठी अक्षरं चिकटवलेला कीबोर्ड आहे."

मुकादमांनी चष्मा काढला आणि शर्टाच्या टोकानं पुसत राहिले. भिंगं कधीच स्वच्छ झाली होती.

"पोरीनं चिकटवली ती अक्षरं," शेवटी ते म्हणाले. "जेवणाच्या सुट्टीत शिकवायची. दार लोटून. मीच म्हटलं होतं तिला, कुणाला सांगू नकोस. सगळ्यांदेखत मी त्या यंत्राला नावं ठेवलेली, आता कोणत्या तोंडानं शिकायला बसू?"

"आणि शिकायचं का होतं?"

"घड्याळवाल्यांनी रस्त्यात गाठलं मला. हात धरला माझा. म्हणाले, मुकादम, दुपारचा तेवढा ट्रक थांबवा हो. आधी असं काही असलं की मी तोंडानं सांगायचो. अमक्या घरी आजारी माणूस आहे, तिकडे सकाळी जा. झालं काम. आता ट्रकवाले म्हणतात, काका, पडदा म्हणेल तसं. गल्ली चुकवली की त्यांच्या नावापुढे चूक पडते. त्यांचंही काय चुकलं? साहेबांकडे अर्ज केला तर म्हणाले, विचार करू." मुकादमांनी चष्मा गळ्यात सोडला. "मग म्हटलं, आपणच शिकू. पण बाई, त्या नकाशात 'इथे आजारी माणूस झोपलंय' असं लिहायला जागाच नाही. रस्ता उघडा, नाहीतर बंद. दोनच गोष्टी. मी बंद केला. दुपारपुरता."

"मुलीला माहीत होतं?"

"ती जेवायला गेली होती. माझं मी केलं. जन्मात त्या नकाशाला मी एवढा एकदाच हात लावला. दुसऱ्या दिवशी कोपऱ्यावर उभा राहून बघितलं, ट्रक खरंच सरळ पुढे निघून गेला. मला काय आनंद झाला. घरी जाऊन बायकोला म्हटलं, आज मी शहराचा नकाशा बदलला. ती म्हणाली, मग आता चहा तरी स्वतःचा स्वतः कराल." ते हसले आणि हसता हसताच त्यांचा बांध फुटला. एवढा थोराड माणूस लहान पोरासारखा रडायला लागला. शेडमधली माणसं हातातली कामं टाकून दुसरीकडे बघत उभी राहिली.

"रुग्णवाहिका त्याच नकाशावर चालतात, हे..."

"कोण सांगणार मला? मला वाटलं, ट्रकांचा नकाशा ट्रकांचा."

चौकशीबाईंनी त्यांना रडू दिलं. मग विचारलं, "पोरीची नोकरी जातेय. तुम्ही गप्प कसे राहिलात?"

"रोज तुमच्या जिन्यापर्यंत येतो आणि परत फिरतो. नोकरीची भीती नाही हो. पण मी तोंड उघडलं की घड्याळवाल्यांना कळणार, गल्ली कशासाठी बंद झाली. कुणाच्या सांगण्यावरून झाली. कसा जगेल तो माणूस? पोरीचं म्हणणंही तेच. काका, मी तरुण आहे, मला दुसरी नोकरी मिळेल, त्यांना दुसरं काय मिळणार आहे, असं म्हणाली."

चौकशीबाईंना उठवेना. आजवर ज्यांच्या ज्यांच्याकडे त्या गेल्या ते सगळे काखा वर करत आले होते. इथे मुलगी म्हणत होती माझं नाव लिहा, चालक म्हणत होता माझं लिहा, आणि आता हा म्हातारा. मुलीनं आणि त्यानं मिळून एका विधुराभोवती भिंत उभी केली होती, आणि ती पाडायचा शब्द त्या देऊन बसल्या होत्या.

साहेबांना मात्र भिंतीबिंतीचं काही नव्हतं.

"रुग्णवाहिका नकाशाला जोडल्यात, ते ट्रकवाल्यांना कळवलं होतं?" ऑफिसात परतून सगळं सांगितल्यावर चौकशीबाईंनी विचारलं.

"सगळ्या खातेप्रमुखांना ईमेल गेला होता."

"मुकादमांना ईमेल आहे?"

साहेबांनी पेन उचललं, ठेवलं. "ठीक आहे. मुलीला राहू दे. मुकादमाचं नाव घाला."

"घालीन. त्यांच्या अर्जावर विचार करू म्हणणाऱ्याचंही घालीन. आणि एका पासवर्डावर सगळं शहर चालवणाऱ्याचंही."

"बाई, तुम्ही उगाच ताणताय."

"मी फक्त बंद करणाऱ्यांची नावं लिहितेय," चौकशीबाई म्हणाल्या. जिन्यातून उतरताना मात्र त्यांना जिंकल्यासारखं मुळीच वाटलं नाही. खरं काम पुढेच होतं.

६

मुकादम हट्टानं बरोबर आले. धुतलेला शर्ट, चापून बसवलेले केस. गल्लीच्या तोंडाशी ते थबकले, तसं चौकशीबाईंनी त्यांचा दंड धरला.

काय सांगायचं ते त्यांनी मनात घोकलं होतं. नाव सांगायचं, पण कारण सांगायचं नाही. किंवा कारण सांगायचं आणि विनवणीचं गाळायचं. खोटं बोलायची त्यांना सवय नव्हती आणि आज ती फार हवीशी वाटत होती.

घड्याळवाल्यांनी दार उघडलं. मुकादमांकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग बाजूला होऊन म्हणाले, "या. दोघंही या."

सगळे बसले. मोजे घातलेल्या खुर्च्या हलल्या, आवाज झाला नाही.

"बाई, तुम्ही बोलायच्या आधी एक विचारू?" घड्याळवाले म्हणाले. "हे कचऱ्याचे ट्रक पण त्याच नकाशावर चालतात का?"

चौकशीबाईंनी घोकलेलं सगळं बाजूला ठेवलं. "हो," त्या म्हणाल्या.

"तुम्ही परवा विचारलंत ना, ट्रक परत कधीपासून यायला लागला. तुम्ही गेल्यावर तेच डोक्यात घोळत राहिलं. घड्याळ उघडलं की असंच असतं. एक चाक अडलेलं असतं आणि आपण भलतंच साफ करत बसतो." त्यांनी हात गुडघ्यांवर ठेवले. आज ते थरथरत नव्हते. "मीच सांगितलं होतं ना यांना. भर रस्त्यात हात धरून सांगितलं होतं."

"तुम्ही ट्रक थांबवा म्हणालात," मुकादम म्हणाले. "गल्ली बंद करा नाही म्हणालात. ते माझं. माझ्या या हातानं केलंय. मला काय बोलायचं ते बोला. पण स्वतःला नका."

"तुम्हाला काय बोलू? मी म्हटलं होतं, समोर बसवून विचारीन, का केलीत. आता विचारायला उरलंच नाही काही."

चौकशीबाईंना वाटलं, आता हा माणूस कोसळेल. तो कोसळला नाही. तो हळूहळू बोलत राहिला, कुणाकडेही न बघता.

"झोपायची हो ती. तेवढे महिने झोपली. आजार झाल्यापासून तिला कुणी काही दिलं असेल, तर तुम्ही दिलंत. मी रोज तिच्या उशाशी बसून बघायचो. श्वास कसा संथ चालायचा. मला वाटायचं, ही गल्ली अशीच राहावी." त्यांनी डोळे पुसले. "तशीच राहिली. अगदी शेवटपर्यंत."

मुकादमांनी खाली वाकून त्यांचे दोन्ही हात धरले. दोघे म्हातारे तसेच बसून राहिले. चौकशीबाई उठून खिडकीशी गेल्या. पलीकडे कालवा दिसत होता, पलीकडचा काठ दिसत होता. त्यांना आपला झोपलेला नवरा आठवला, घंटीतली कागदाची घडी आठवली आणि त्यांना तिथेच रडू आलं.

काचा थरथरायला लागल्या. गल्लीच्या तोंडाशी ट्रक वळत होता. त्या आवाजासरशी मुकादम ताडकन उठले, दार उघडून ओट्यावर आले आणि हात वर करून ट्रकाला मागे जा, मागे जा अशी खूण करू लागले. चालकानं गाडी थांबवली आणि गोंधळून एकदा काकांकडे, एकदा पडद्याकडे पाहिलं.

घड्याळवाले त्यांच्या मागोमाग बाहेर आले. त्यांनी मुकादमांचा वर केलेला हात धरून हलकेच खाली घेतला.

"येऊ द्या त्याला," ते म्हणाले. "आता घरात कुणी झोपलेलं नाही."

ट्रक आत आला.